घर हललं म्हणजे सुरुंगाची दारू वाया गेली: दगडखाण, डोंगरकाप आणि आपली सीमाभागातली गावं

प्रश्न असा आहे: खानापूर तालुक्यातलं गाव, गावापासून साधारण ३५० मीटरवर दगडाची खाण आणि खडी मशीन, म्हणजे क्रशर. आठवड्यातनं दोन-तीनदा सुरुंग लागतात, भिंतींना भेगा पडल्यात, कधीकधी दगड शेतात येऊन पडतात, दोन विहिरी मार्चमध्येच तळाला जातायत, धूळ आहेच, आणि खाणीच्या गाड्यांना रस्ता हवा म्हणून गावामागच्या टेकडीचा पाय जेसीबीनं उभा कापलाय. खाणवाला म्हणतो सगळं नियमात आहे, गावातली पोरं म्हणतात बंदच पाडायची. तुम्ही विचारलंय, "या कामातला माणूस म्हणून खरं काय ते सांगा."

मी याच भागातला, मायनिंग शिकलो आणि गेली सव्वीस-सत्तावीस वर्षं दगडातच काम करतोय, खाणी, घाटरस्ते, दोन बोगदे. खाणवाल्यांकडनं पगार घेतलाय आणि गावकऱ्यांच्या अंगणात यंत्र लावून मोजमापही केलंय, त्यामुळं दोन्हीकडचं बोलणं मला ओळखीचं आहे. तुम्ही भेगांबद्दल भरपूर लिहिलंय, विहिरींबद्दल थोडं, आणि टेकडीबद्दल शेवटी एकच ओळ. माझा क्रम उलटा आहे. भेगा पडलेलं घर दुरुस्त होतं, तेव्हा आधी त्या टेकडीचं बघू.

आपल्याकडं जांबोटी, कणकुंबी, चोर्ल्याच्या बाजूला बऱ्याच डोंगरांची रचना अशी असते की सगळ्यात वर जांभ्याची टोपी, ज्याचे चिरे काढतात तो भोकाभोकांचा लाल दगड. त्याच्याखाली मऊ चिकट मातीचा थर, पांढरट, कुठं जांभळट, कोकणात त्याला शेडी म्हणतात. त्याखाली कुजलेला दगड आणि मग खरा कातळ, बहुतेक ठिकाणी काळा फत्तर म्हणजे बेसाल्ट, लोंढा-कॅसलरॉककडं गेलं की वेगळाच जुना दगड, पापुद्रे सुटणारा. आता पाऊस पडला की जांभ्यातनं पाणी चाळणीतनं गेल्यासारखं खाली जातं आणि त्या चिकट थरावर येऊन अडतं. बेळगाव शहरात वर्षाला साधारण सव्वा हजार मिलिमीटर पाऊस आणि तिथनं जेमतेम पन्नास किलोमीटरवर कणकुंबीकडं चार-पाच हजार, म्हणजे जो उतार शहराजवळ उभा राहतोय तोच तिकडं उभा राहील असं धरायचं नाही.

डोंगर स्वतःच्या वजनानं पडतो असं लोक समजतात, पण तेवढं खरं नाही. वजन तर हजारो वर्षं तेवढंच होतं. पडतो तो पाण्यानं. दगडाला सांधे असतात, आम्ही जॉइंट म्हणतो, जुने पाथरवट नस म्हणायचे. वरचा भाग खालच्या भागावर घर्षणानं टिकून असतो. सांध्यात पाणी भरलं की ते वरच्या भागाला आतनं उचलून धरायला बघतं, जितकं उचललं तितकं घर्षण गेलं. दहा मीटर खोल भेग पाण्यानं भरली तर तिच्या तळाशी दर चौरस मीटरला जवळजवळ दहा टन दाब येतो, नुसत्या साध्या पाण्याचा. आणि त्याच वेळी तुम्ही डोंगराचा पाय कापून ठेवलेला असेल तर त्याला टेकू द्यायला खाली काही उरलेलंच नसतं.

शिरूरचं सगळ्यांना आठवत असेल, आपल्या शेजारचा जिल्हा, अंकोला तालुका, १६ जुलै २०२४. हायवे ६६ च्या बाजूचा डोंगर कापलेला, आठवडाभर धो धो पाऊस, आणि सकाळी सगळा उतार रस्त्यावरनं थेट गंगावळी नदीत गेला. अकरा जण गेले. माती नदीत इतक्या जोरात घुसली की पाण्याची लाट उठून पलीकडच्या काठावरच्या उळवरे गावातल्या घरांवर गेली. त्याच्या आधी २००९ च्या ऑक्टोबरमध्ये कारवारजवळ कडवाडच्या झरीवाड्यात असाच डोंगर घरांवर आला होता. आणि २०१४ चं माळीण, २०२१ चं तळिये, २०२३ चं इर्शाळवाडी. यातल्या प्रत्येक ठिकाणी कारणं तंतोतंत एक नाहीत, इर्शाळवाडीत कुणी हायवे कापला नव्हता, पण पाण्याला वाट मिळाली नाही हे सगळीकडं आहे.

शिरूरची लाट ऐकली तेव्हा मला कॉलेजात शिकलेलं वायोंट आठवलं. इटलीतलं धरण, २६० मीटरच्या वर उंच, ९ ऑक्टोबर १९६३ च्या रात्री बाजूचा डोंगर एका सपाट्यात जलाशयात उतरला, पाणी धरणावरनं उडून खालच्या गावांवर पडलं, दोन हजाराच्या आसपास माणसं मेली. धरण आजही उभं आहे! काँक्रीटचं गणित बरोबर होतं, डोंगराचं चुकलं. त्याच्या चार वर्षं आधी, डिसेंबर १९५९ मध्ये फ्रान्समध्ये मालपासेचं धरण गेलं, तिथं पायाच्या खडकातल्या सांध्यांमध्ये पाण्याचा दाब वाढून डावी बाजूच सरकली, चारशेच्या वर बळी. खडकाचा अभ्यास ही वेगळी विद्या म्हणून उभी राहिली ती याच काळात, जागतिक संस्था १९६२ मध्ये साल्झबर्गला स्थापन झाली. म्हणजे ही शाखाच मुळी डोंगर आणि पाणी यांना नीट न ओळखल्याच्या दुःखातनं वाढलेली आहे. पर्यावरण हा आमच्याकडं शेवटी जोडायचा कागद नाही, पहिल्या दिवशीचं काम आहे, निदान असायला पाहिजे.

तुमच्या टेकडीसाठी काय. वरच्या अंगाला, कापलेल्या कडेपासून मागं, पाणी अडवून बाजूला नेणारा चर पाहिजे आणि तो सिमेंटनं किंवा दगडानं बांधलेला पाहिजे, नुसता मातीचा चर खणला तर तोच पाणी मुरवतो आणि काम उलटं होतं. उतार उभा न ठेवता पायऱ्यापायऱ्यांनी मागं घ्यायला पाहिजे, आणि त्या चिकट थरात तर जांभ्यापेक्षा बराच सपाट. पायाशी भिंत बांधणार असतील तर तिला पाणी बाहेर पडायची भोकं आणि मागं खडीचा भराव आहे का ते बघा, नसेल तर ती भिंत म्हणजे पाणी साठवायची टाकी होते. उतारात थोडीशी वर तिरकी लांब भोकं मारून, आत जाळीदार पाइप घालून पाणी बाहेर काढायचं हा सगळ्यात स्वस्त आणि सगळ्यात कामाचा उपाय, आणि नेमका तोच आपल्याकडं गाळतात, कारण तो दिसत नाही. जाळी, बोल्ट, फवारलेलं काँक्रीट हे सगळं फोटोत छान येतं. पाण्याला वाट न ठेवता नुसतं काँक्रीट फवारलं तर पाणी आत कोंडलं जातं, हे मी एका घाटकामावर डोळ्यांनी बघितलंय. आम्ही मे महिन्यात काप घेतला, वरचा चर "पावसाळ्यानंतर करू" म्हणून कंत्राटदारानं ठेवून दिला, मी लेखी दिलं आणि गप्प बसलो. जुलैत रात्री दोन वाजता सगळं खाली. गाडी नव्हती म्हणून माणूस वाचला. तेव्हा गप्प बसलो याचं मला आजही वाईट वाटतं, म्हणून आता लेखी देऊन थांबत नाही, फोन करत राहतो.

झाडं लावायचा मुद्दा तुमच्यापैकी कुणीतरी काढेलच. लावा, जरूर लावा, मुळं वरचा एक-दोन मीटर थर धरून ठेवतात आणि माती वाहू देत नाहीत. पण आठ-दहा मीटर खोलवरनं सरकणारा उतार झाडांसकट येतो, तेव्हा झाडं लावली म्हणजे टेकडी सुरक्षित झाली असं कुणी सांगितलं तर मान्य करू नका.

आता सुरुंगाचं.

आमच्या धंद्यातली एक गोष्ट बाहेरच्यांना माहीत नसते. सुरुंगात जी दारू भरतो तिच्यातली ताकद दगड फोडायला जाते ती थोडीच, पाव-तिसऱ्या हिश्शाच्या वर कुणी धरत नाही. उरलेली जमीन हलवण्यात, आवाजात, उष्णतेत आणि दगड उडवण्यात जाते. म्हणजे तुमचं घर हललं तो खाणवाल्याचा पैसा वाया गेलेला असतो. खाणवाल्यांशी बोलताना मी पर्यावरण शब्दानं सुरुवात करत नाही, इथनं करतो, की बाबा तुझी दारू लोकांच्या भिंतीत जातेय, दगडात नाही. ते लगेच ऐकतात.

हलणं मोजतात ते जमिनीचा कण सेकंदाला किती मिलिमीटर वेगानं हलला यावर. आपल्याकडं खाणसुरक्षा महासंचालनालय, म्हणजे डीजीएमएस, त्यांचं १९९७ चं परिपत्रक क्रमांक ७ आहे, त्यात मर्यादा दिल्यात. साध्या राहत्या घरांना, म्हणजे कच्ची घरं, विटा-सिमेंटची घरं, जी खाणवाल्याच्या मालकीची नाहीत, त्यांच्या पायाजवळ हलण्याची वारंवारता, म्हणजे सेकंदाला किती झोके, ८ हर्ट्झच्या खाली असेल तर ५ मिमी प्रति सेकंद, ८ ते २५ मध्ये १०, आणि २५ च्या वर १५. ऐतिहासिक आणि नाजूक वास्तूंना हेच आकडे २, ५ आणि १०. म्हणजे हलशीच्या भूवराह नरसिंह मंदिरासारखी वास्तू किंवा बेळगाव किल्ल्यातली १२०४ ची कमल बस्ती जवळ असती तर दीड ते अडीच पटीनं कडक नियम लागला असता, आणि तसाच तो लागला पाहिजे. वारंवारतेवर मर्यादा का बदलते तर आपली एक-दोन मजली घरं स्वतः हळू झोके घेणारी असतात, हळू झोक्यांची लाट आली की घर तिच्या तालात हलतं. मातीचा थर जाड असेल तिथं अशी हळू लाट जास्त पोचते, कातळावरच्या घरात कमी. म्हणून एकाच गावात खालच्या आळीत भांडी वाजतात आणि वरच्या आळीत काही कळत नाही, आणि मग वरचे खालच्यांना खोटं पाडतात. खोटं कुणीच बोलत नसतं.

हिशेब साधा आहे. अंतराला, एका क्षणी फुटणाऱ्या दारूच्या किलोच्या वर्गमुळानं भागायचं, जो आकडा येतो त्याच्यावर हलणं ठरतं. दर ठिकाणच्या खडकाचे दोन स्थिरांक वेगळे असतात, ते तिथं मोजूनच काढायचे, पण समजायला नेहमी घेतात ते सरासरी आकडे घेऊन सांगतो. एका क्षणी १०० किलो फुटली आणि घर १५० मीटरवर असेल तर साधारण १५ मिमी प्रति सेकंद. तीच १०० किलो चार भागांत, प्रत्येक भाग थोड्या मिलिसेकंदांच्या अंतरानं फोडली म्हणजे एका क्षणी २५ किलो, तर तिथंच ५ च्या आसपास. ३०० मीटरवर तेच २५ किलो दीडच्या जरा वर. एकूण दारू तेवढीच, दगड तेवढाच निघतो! दोन भोकांच्या फुटण्यात किमान ८ मिलिसेकंद अंतर असेल तर त्यांना वेगळं धरायची पद्धत आहे, प्रत्यक्षात १७, २५, ४२ मिलिसेकंदांचे डिले मिळतात. म्हणून खाणवाल्याला "किती दारू लावली" असं विचारू नका, "एका डिलेला जास्तीत जास्त किती किलो" असं विचारा, म्हणजे एका क्षणी फुटणारी दारू किती. हा प्रश्न आला की समोरच्याला कळतं की यांना माहिती आहे.

३५० मीटरवर, नीट डिले लावून, चार-साडेचार इंची भोकांनी काम चालत असेल तर घराच्या पायाला ५ च्या वर जाणं कठीण आहे. हे मी खाणवाल्याची बाजू म्हणून सांगत नाही, आकडा तसा येतो. पण "नीट" हा शब्द महत्त्वाचा. माणसाला अर्धा-एक मिमी सुद्धा स्पष्ट जाणवतं, खिडक्या वाजतात त्या बऱ्याचदा जमिनीनं नाही तर हवेतल्या दाबानं. त्यामुळं जाणवलं म्हणजे भेग पडली असं होत नाही, आणि जाणवलं नाही असं तर कुणी म्हणूच शकत नाही. भेगांचं दुसरंही कारण तपासा. तालुक्याच्या पूर्वेकडं काळी माती आहे, ती पावसात फुगते, उन्हाळ्यात आकसते, पाया उथळ असला की दार-खिडकीच्या कोपऱ्यातनं तिरक्या भेगा येतातच, सुरुंग असो नसो. तुमचं घर जांभ्याच्या मुरमावर असेल तर हे कारण बरंचसं बाद. भेगेच्या दोन्ही टोकांना पेन्सिलनं खूण करून तारीख लिहा, भेगेवर आडवी प्लास्टर ऑफ पॅरिसची पट्टी किंवा काचेची पातळ पट्टी चिकटवा. ब्लास्टच्या दिवशी ती तडकली तर तुमच्याकडं पुरावा आहे, दोन महिने तडकली नाही तर तेही खरं मानायचं.

मला तुमच्या वर्णनात भेगांपेक्षा एक वाक्य जास्त खटकलं, की "कधीकधी दगड शेतात येऊन पडतात". हे गंभीर आहे. खाणसुरक्षेच्या नियमांत फायरिंगच्या जागेपासून ५०० मीटरचा पट्टा धोक्याचा धरतात, त्यातल्या प्रत्येक माणसाला आडोशाला पाठवल्याशिवाय सुरुंग उडवायचा नाही. तुमचं गाव ३५० मीटरवर, म्हणजे गाव त्या पट्ट्यात येतं. दगड उडतो तो तीन-चार कारणांनी: पहिल्या ओळीतलं भोक कड्याच्या फार जवळ मारलं, किंवा दगडात मातीचा मऊ थर लागला आणि तिथनं गॅस सुटला (बेसाल्टच्या दोन थरांमध्ये लाल मातीसारखा पट्टा असतो, तो नेमका असं करतो), किंवा भोकाचं तोंड नीट बुजवलं नाही. तोंड बुजवायला लोक ड्रिलिंगची भुकटीच परत ढकलतात, ती पिचकारीसारखी बाहेर येते. बारीक कोनदार खडी भरली तर ती एकमेकांत अडकून गच्च बसते. मी एका खाणीत फक्त एवढं बदलायला लावलं आणि डिलेचा क्रम बदलला, गावातल्या लोकांनी पुढच्या आठवड्यात विचारलं की खाण बंद आहे काय. आणि सगळ्यात वाईट म्हणजे मोठे धोंडे परत फोडायला त्यांच्यावर दारूचा लिंपा लावून उडवतात ते. ते काम रॉक ब्रेकरनं, म्हणजे यंत्राला लावलेल्या मोठ्या हातोड्यानं होतं, दारू लागतच नाही. तुमच्या खाणीत हे चालत असेल तर तेवढ्या एकाच कारणावर काम थांबवायला सांगता येतं.

दारूची साठवणूक कुठं आहे तेही बघा. २०२१ च्या जानेवारीत शिवमोग्ग्याजवळ हुणसोडूला क्रशरपाशी जिलेटीनचा ट्रक उडाला तेव्हा लांबलांबच्या लोकांना भूकंप वाटला होता, आणि महिन्याभरानं चिक्कबळ्ळापूरकडं तसंच झालं. त्यात मेलेली माणसं खाणीत काम करणारीच होती. गावाचा प्रश्न आपण मांडतो तेव्हा त्या मजुरांचाही मांडला पाहिजे, ते पण कुणाच्यातरी गावचेच.

विहिरींचं उत्तर सुरुंगात नाही, खड्ड्याच्या खोलीत आहे. धक्क्यानं विहीर आटली असं फार क्वचित होतं, पाणी चार दिवस गढूळ होईल एवढंच. पण बेसाल्टात पाणी असतं ते वरच्या कुजलेल्या थरात आणि सांध्यात, दगड स्वतः पाणी धरत नाही. खाणीचा तळ भूजलाच्या पातळीखाली गेला आणि त्यांनी पंप लावून खड्ड्यातलं पाणी उपसायला सुरुवात केली की आजूबाजूचं सगळं पाणी त्या खड्ड्याकडं झिरपतं, नरसाळ्यासारखा आकार होतो आणि जवळच्या विहिरी आधी जातात. म्हणून खाणीत मार्चमध्ये पाणी साठलेलं दिसतंय का, पंप चालतो का, ते पाणी कुठं सोडतात, हे तीन बघा. टेकडीवर, पातळीच्या वर खाण असेल तर उपसा हे कारण नाही, मग मुरायची जागा गेली का ते तपासायचं. आणि गेल्या पाच वर्षांत गावात किती बोअर पडल्या तेही प्रामाणिकपणे मोजा, कारण उसाला चाललेल्या दहा बोअर एका खाणीपेक्षा जास्त ओढू शकतात. दर रविवारी सकाळी पंप सुरू करायच्या आधी दोरीला गाठी मारून पातळी मोजायची, खाणीजवळच्या दोन विहिरी आणि लांबची एक. वर्षभराची वही झाली की कुठल्याही ऑफिसात ती तोंडी तक्रारीपेक्षा भारी पडते.

धुळीबद्दल थोडक्यात. क्रशरजवळ ३ ते १० मीटरवर हवेतल्या कणांची मर्यादा घनमीटरला ६०० मायक्रोग्रॅम आहे, त्यासाठी पाण्याचे फवारे, बेल्टवर झाकण आणि वाऱ्याच्या बाजूला आडोसा लागतो. दगड कोणता यानंही फरक पडतो. बेसाल्टमध्ये मोकळी सिलिका, म्हणजे क्वार्ट्झचे कण, नगण्य असते, गोकाकच्या धबधब्याचा जो कातळ आहे तसल्या वाळूच्या दगडात आणि क्वार्ट्झाइटमध्ये ती भरपूर, तिथं कोरडं ड्रिलिंग म्हणजे मजुराला सिलिकोसिस, म्हणजे धुळीनं होणारा फुप्फुसाचा रोग. बरा होत नाही तो.

आता तुमचा खरा प्रश्न, बंद पाडायची का. माझं मत सरळ सांगतो. दगड लागतो. तुमच्या घराचा स्लॅब, पोराच्या शाळेचा रस्ता, सगळं खडीवर आहे, आणि नदीची वाळू उपसणं कमी व्हावं म्हणून जी एम-सँड आपण चांगली म्हणतो तीसुद्धा हाच दगड भरडून होते. इथली खाण बंद झाली की ती दुसऱ्या गावामागं उघडते, तिथली माणसं कदाचित अर्ज लिहू शकणारी नसतात. म्हणून सरसकट बंद हे मला पटत नाही. पण प्रत्येक ठिकाणी चालू, हेही नाही. मलप्रभा उगवते त्या कणकुंबीच्या अंगाला, म्हादईच्या झऱ्यांच्या वर, भीमगडच्या जंगलाला लागून नवीन खाण नकोच, तिथं कितीही चांगला सुरुंग लावला तरी. भीमगडात बारापेडीच्या गुहा आहेत, तिथं राउटनचं मुक्तपुच्छ वटवाघूळ राहतं, जगात अगदी मोजक्या ठिकाणी सापडलेला प्राणी. त्या गुहा चुनखडीत पाण्यानं कोरलेल्या, त्यांचं छत किती धक्का सोसेल याचं गणित मला कुणी मागितलं तर मी करून देणार नाही, कारण तो प्रयोग करून बघायची जागा नाही.

तुमच्या ठिकाणी, घरं ३५० मीटरवर आणि दगड शेतात पडतायत, तर माझा सल्ला असा की गावाच्या बाजूच्या तोंडाला सुरुंग पूर्ण बंद, तिथं रॉक ब्रेकरनं काम, आणि उरलेल्या बाजूचे सुरुंग गावातल्या घरांच्या पायाशी हलणं मोजायचं यंत्र लावून. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळानं सुरुंग असतील तर २०० मीटर, नसतील तर १०० मीटर अंतर सुचवलंय, त्यामुळं "आम्ही ३५० वर आहोत" असं ते म्हणतील. म्हणू दे. अंतर पाळलं म्हणून उडालेला दगड थांबत नाही. खर्च वाढतो हे खरं, ब्रेकर महाग पडतो. तो खर्च त्यांनी खडीच्या दरात घ्यावा, तुमच्या कौलांवर टाकू नये.

कागदांचं. लहान खाणीलासुद्धा पर्यावरण मंजुरी लागते आणि तिच्यात अटी लिहिलेल्या असतात, किती खोल जायचं, किती पाणी फवारायचं, किती झाडं, खड्डा शेवटी कसा सोडायचा. ती मंजुरी, खाणीचा आराखडा आणि ब्लास्टरचं लायसन्स यांच्या प्रती माहिती अधिकारात मागा, खाण व भूविज्ञान खात्याकडं आणि प्रदूषण मंडळाच्या बेळगावच्या ऑफिसात. कागद कन्नडमध्ये येतील, तेव्हा गावात कन्नड शाळेत शिकवणारे मास्तर किंवा शिकलेली मुलगी असेल तर शेजारी बसवून ओळ न् ओळ वाचून घ्या, अर्जही कन्नडमध्येच द्या, भाषेच्या कारणावर तुमचा अर्ज बाजूला पडायला नको. एकट्यानं न जाता पंचायतीचा ठराव घेऊन पीडीओ, म्हणजे पंचायत विकास अधिकाऱ्यामार्फत जा. जिल्हा खनिज निधी आहे, २०१५ पासून कायद्यात आहे, तो खाणीनं बाधित गावांसाठीच असतो, त्यातनं यंत्र लावून मोजणी करून मागता येते. मोजणी गावाच्या सांगण्यानुसार सगळ्यात कच्च्या घराच्या पायाशी व्हायला पाहिजे, खाणवाल्याच्या ऑफिसशेजारी नाही, आणि त्या दिवशी ते मुद्दाम लहान सुरुंग लावतील हे धरून किमान दहा-बारा ब्लास्ट सलग मोजायला सांगा.

हे सगळं व्हायला महिने जातील. टेकडीला तेवढा वेळ नाही. पावसाळ्याआधी त्या कापाच्या वर जाऊन चालून बघा, जमिनीला कापाला समांतर चीर दिसते का, झाडं किंवा विजेचे खांब खाली कलायला लागलेत का, जिथं कधी झरा नव्हता तिथं ओल आलीय का. चीर असेल तर आजच चिकणमातीनं बुजवा, वर प्लास्टिक टाका, म्हणजे पहिलं पाणी आत जाणार नाही. कापाच्या खाली जी घरं आहेत त्यांना रात्री झोपायला दुसरी जागा आत्ताच ठरवून ठेवा, शाळा, समाजमंदिर, नातेवाईक कुठंही. सलग दोन-तीन दिवस पाऊस धरला आणि कापातनं येणारं पाणी एकदम गढूळ झालं, किंवा वाहत असलेलं पाणी अचानक थांबलं, तर कुणाच्या आदेशाची वाट बघू नका, म्हाताऱ्या माणसांना आणि पोरांना आधी काढा, जनावरं सोडून द्या. थांबलेलं पाणी आत साठत असतं. कापाचे दोन-चार फोटो, समोरनं आणि बाजूनं, शेजारी माणूस उभा करून म्हणजे उंची कळेल, काढून पाठवा, मी बघून सांगतो. जवळ असलो तर येऊनही बघेन.